मालिकेतली आजी

मालिकेतल्या नायिकेचे नाव साऱ्यांना ठाऊक असते. तिच्या नवऱ्याचे काम करणाऱ्या नटाचेही असते. पण त्याच घरात सोफ्यावर जपमाळ घेऊन बसलेल्या आजीचे नाव विचारा. "ती नाही का, आईआजी," असे उत्तर येते. ते झाले गोष्टीतले नाव. त्या बाईचे स्वतःचे नाव काय, ती या धंद्यात कशी आली, तिचे पोट कशावर चालते, हे सहसा कोणी विचारीत नाही.

या धड्यात आपण अशा बायांच्या कामाची माहिती घेऊ. त्यांतल्या एकीची, आशालता वाबगावकर यांची, हकीगत जरा सविस्तर वाचू. हकीगतीचा शेवट दुःखाचा आहे. पण त्यात एक प्रश्न दडलेला आहे. तो तुमच्याआमच्या पोटाचाही प्रश्न आहे, म्हणून आम्ही हीच हकीगत निवडली.

आधी एक शब्द समजून घेऊ. अशा कलावंत बाईला 'चरित्र अभिनेत्री' म्हणतात. चरित्र म्हटले की आपल्याला थोरामोठ्यांचे चरित्र आठवते. शिवाजी महाराजांचे चरित्र, सावित्रीबाईंचे चरित्र. इथे तो अर्थ नाही. गोष्टीत नायक असतो, नायिका असते. त्यांच्याभोवती आई, सासू, आत्या, मोलकरीण, शेजारीण, शाळेतल्या बाई अशी माणसे असतात. ही माणसे जिवंत वाटली तरच गोष्ट खरी वाटते. ती कामे जी बाई करते ती चरित्र अभिनेत्री. स्वयंपाकातले मीठ म्हणा ना. आहे तोवर कोणी बोलत नाही, नसले की पहिल्या घासाला कळते.

या कामाची एक गंमत आहे, आणि एक अन्यायही आहे. नट चाळीस वर्षांचा झाला तरी तो नायकच राहतो. बाई मात्र तिशी ओलांडते न ओलांडते तोच तिच्या केसांना पांढरा रंग लावायला सुरुवात होते. रोहिणी हट्टंगडी यांचे उदाहरण घ्या. १९८२ साली 'गांधी' हा इंग्रजी चित्रपट आला. त्यात त्यांनी कस्तुरबांचे काम केले. तरुणपणापासून थेट अखेरच्या श्वासापर्यंत. त्या कामाबद्दल इंग्लंडातले मानाचे पारितोषिक त्यांना मिळाले. पुढे १९९० साली 'अग्निपथ' या हिंदी चित्रपटात त्या अमिताभ बच्चन यांच्या आई झाल्या. प्रत्यक्षात त्या वयाने अमिताभ यांच्याहून लहान! आई लहान आणि मुलगा मोठा. आपल्या घरी असे झाले तर लोक हसतील. पडद्यावर कोणी हसले नाही, कारण काम तितके चोख होते.

याच रोहिणीबाई नंतर 'चार दिवस सासूचे' या मराठी मालिकेत सासू म्हणून आल्या. ही मालिका २००१ साली सुरू झाली आणि २०१३ साली संपली. तिचे ३,००० हून अधिक भाग झाले. वहीत एक हिशेब करून पाहा. ३,००० ला ३६५ ने भागा. सुट्टी न घेता रोज एक भाग पाहिला तरी आठ वर्षांपेक्षा जास्त काळ लागतो. एवढी वर्षे एकाच सासूच्या साडीत उभे राहायचे, आणि रोज नवा राग, नवे रडे आणायचे. सोपे नाही.

आता हे काम चालते कुठे ते पाहू. फार लांब जायला नको. आपण उपनगरांत राहणारी माणसे. बोरिवली एका बाजूला, मुलुंड दुसऱ्या बाजूला, आणि मध्ये राष्ट्रीय उद्यानाचे जंगल. जंगलाच्या दक्षिणेला आरे कॉलनी. तिला लागून गोरेगावची चित्रनगरी. राज्य सरकारने ती १९७७ साली उभारली. आता तिला दादासाहेब फाळके यांचे नाव आहे. पाचशेहून अधिक एकरांचा हा परिसर आहे. त्यात देऊळ आहे, तुरुंग आहे, न्यायालय आहे, तळे आहे. देवळात नेहमीची पूजा नाही आणि तुरुंगात कैदी नाहीत. सारे चित्रीकरणासाठी. जंगल शेजारीच असल्यामुळे कधी कधी खरे पाहुणेही येतात. २०२३ साली एका मराठी मालिकेच्या सेटवर बिबट्या शिरला होता. ती बातमी काहींनी वाचली असेल. चित्रनगरीशिवाय अंधेरीतले स्टुडिओ आहेत, मढचे बंगले आहेत, ठाण्याच्या घोडबंदर रस्त्यावरचे सेट आहेत. आपल्यांपैकी कितीतरी जणींच्या घरची माणसे तिथे सुतारकाम, रंगकाम, विजेचे काम करतात.

सेट म्हणजे खोटे घर. भिंती प्लायवूडच्या. जिन्याला वरचा मजला नाही. स्वयंपाकघरात गॅस आहे, पण मोरीला पाणी नाही. देवघर मात्र दृष्ट लागेल असे! वर छत नसते, कारण तिथून दिवे सोडायचे असतात. त्या दिव्यांच्या उजेडात, दागिन्यांसकट जड काठाची साडी नेसून दिवसभर बसायचे.

दिवस सकाळी लवकर सुरू होतो. कलावंताला आदल्या रात्री निरोप येतो की उद्या अमुक वाजता हजर राहा. त्याला 'कॉलटाइम' म्हणतात. अंधेरीहून किंवा मुलुंडहून निघून वेळेवर पोचायचे. मग रंगभूषा, म्हणजे मेकअप. मग केस. तरुण बाई आजी होणार असेल तर केसांचा टोप. मग साडी. कालच्या प्रसंगाचा पुढचा तुकडा आज घ्यायचा असेल तर कालचीच साडी, कालचीच टिकली, पदर कालच्याच खांद्यावर. नाहीतर पडद्यावर आजी दारातून बाहेर पडताना हिरव्या साडीत आणि अंगणात आली की निळ्या साडीत दिसेल. हे सांभाळायला वेगळा माणूस असतो. तो प्रत्येक वेळी फोटो काढून ठेवतो.

आणि मग हातात कागद येतो. हा कागद म्हणजे या धंद्यातली खरी परीक्षा. नाटकात एकच संहिता असते. तिची महिना-महिना तालीम होते. मालिकेत तसे नाही. आजचे संवाद पुष्कळदा आजच येतात, कधी कधी शाई वाळायच्या आत येतात म्हणा. कलावंताने कागद घ्यायचा, दोनदा-तीनदा नजर फिरवायची, पाठ करायचे आणि कॅमेऱ्यापुढे उभे राहायचे. वाचण्याचा वेग नसेल तर तिथे निभाव लागत नाही. साठ-सत्तर वर्षांची बाई चष्मा लावून कोपऱ्यात बसते, ओठ हलवीत संवाद घोकते, आणि हाक आली की चष्मा काढून उठते. वर्गात बसून घोकणाऱ्या आपल्या बायांना हे चित्र परके वाटणार नाही.

एवढे करून आजीच्या वाट्याला संवाद किती? पुष्कळदा दोन ओळी. बाकी सारा वेळ ऐकायचे. घरात भांडण पेटले की कॅमेरा एकेकाच्या तोंडाजवळ जातो. नायिकेचे तोंड, मग जावेचे, मग आजीचे. आजीने काही बोलायचे नसते. नुसते डोळ्यांतून दाखवायचे की हिला सत्य ठाऊक आहे. आमच्या मते बोलण्यापेक्षा हे अवघड. बोलताना निदान शब्दांचा आधार असतो.

पैशाचे कसे? बहुतेकांना दिवसाच्या हिशेबाने मानधन मिळते. महिन्यात दहा दिवस बोलावले तर दहा दिवसांचे. तेही लगेच नाही. काम केल्यापासून नव्वद दिवसांनी पैसे देण्याची रीत या धंद्यात रुळली आहे. म्हणजे जानेवारीत केलेल्या कामाचे एप्रिलमध्ये. किराणावाला काही नव्वद दिवस थांबत नाही. नोकरदारासारखा पगार नाही, निवृत्तिवेतन नाही. मालिकेला प्रेक्षक कमी झाले तर मालिका बंद. लेखकाने ठरवले की आजी तीर्थयात्रेला गेली, तर यात्रा संपेपर्यंत बिनकामाचे बसायचे. आणि गोष्टीत आजी वारली तर? भिंतीवर तिचा हार घातलेला फोटो लागतो. फोटो रोज पडद्यावर दिसतो, पण बाईंचे काम मात्र सुटलेले असते.

आता आशालताबाईंकडे वळू.

आशालता वाबगावकर यांचा जन्म १९४१ सालचा, गोव्याचा. तेव्हा गोव्यावर पोर्तुगीजांचे राज्य होते. ते १९६१ साली संपले. शिक्षण मुंबईत झाले, गावदेवीच्या सेंट कोलंबा शाळेत. शाळा झाल्यावर त्यांनी काही काळ सरकारी नोकरी केली. नोकरी सांभाळून त्या बी. ए. झाल्या. पुढे मानसशास्त्र हा विषय घेऊन एम. ए. झाल्या. मानसशास्त्र म्हणजे मनाचा अभ्यास. माणूस असा का वागतो, रागावतो का, रुसतो का, याचा विचार त्यात असतो. नटीला याचा उपयोग झाला नसेल असे कसे म्हणावे?

गळा गोड होता. मुंबईच्या नभोवाणी केंद्रावर त्यांनी कोकणी गाणी म्हटली. नभोवाणी म्हणजे रेडिओ. गाणाऱ्या मुलीला त्या काळी संगीत नाटकाची वाट मोकळी होती. संगीत नाटकात नुसते बोलून भागत नाही. पात्रे उभ्या उभ्या गातात, आणि लोक 'वन्समोअर' ओरडले की तेच पद पुन्हा म्हणतात. गोवा हिंदू असोसिएशन ही मुंबईतली नामांकित नाट्यसंस्था. तिने जुने 'संशयकल्लोळ' नाटक बसवले होते. त्यात आशालताबाई रेवती झाल्या. रेवती ही नायकिणीची मुलगी. तिचे खरे प्रेम आहे, पण जग तिच्यावर संशय घेते.

मग १९६४ साली 'मत्स्यगंधा' आले. वसंत कानेटकरांचे नाटक. संगीत जितेंद्र अभिषेकी यांचे. अभिषेकी गोव्याचे, पराशर ऋषी झालेले रामदास कामत गोव्याचे, आणि सत्यवती झालेल्या आशालताबाईही गोव्याच्या. महाभारतातली ही गोष्ट तुम्हांला ठाऊक असेल. सत्यवती कोळ्याची मुलगी. नाव वल्हवून लोकांना नदीपार करते. पुढे ती हस्तिनापूरची राणी होते. तिच्या लग्नाच्या अटीपायी भीष्माला जन्मभर ब्रह्मचारी राहावे लागते. आणि ज्या वंशासाठी एवढे केले तो वंशच टिकत नाही. नाटकाच्या आरंभी अल्लड मुलगी आणि शेवटी पोळलेली राणी, अशी दोन्ही रूपे एकाच रात्री, एकाच रंगमंचावर उभी करायची. आशालताबाईंचे वय तेव्हा २३ वर्षांचे. त्यांची त्यातली पदे घराघरांत पोचली. पुढे त्यांनी आपल्या आठवणींचे पुस्तक लिहिले, त्याला 'गर्द सभोवती' हे नाव दिले. ते शब्द या नाटकातल्या त्यांच्याच पदाचे आहेत.

एवढ्या गाजलेल्या नायिकेला हिंदी चित्रपटात मात्र नायिका म्हणून कोणी बोलावले नाही. दिग्दर्शक बासू चटर्जी यांनी त्यांना १९८० सालच्या 'अपने पराये' या चित्रपटात घेतले. शरदबाबूंच्या एका बंगाली कथेवरचा हा चित्रपट. एकत्र कुटुंब, भावाभावांतला दुरावा, आणि घर सांधून धरणारी वडीलधारी बाई. ती वडीलधारी बाई म्हणजे आशालताबाई. वय चाळिशीच्या आसपास. त्यांचे काम लोकांना इतके पटले की तेव्हापासून त्या कायमच्या कुणाच्या ना कुणाच्या आई, वहिनी, आजी झाल्या. १९८६ सालच्या 'अंकुश' चित्रपटात त्या आजी होत्या. शाळाशाळांतून म्हटली जाणारी एक हिंदी प्रार्थना याच चित्रपटातली. त्यांचे वय तेव्हा ४५! मराठीत १९८२ सालच्या 'उंबरठा'मध्येही त्या होत्या. असे मिळून शंभराहून अधिक चित्रपट झाले. नावे सारी सांगत बसत नाही. चांगली कामे थोडी होती, आणि नुसते दारात उभे राहून ओवाळायचे अशीही पुष्कळ होती. पोटाच्या धंद्यात दोन्ही करावी लागतात.

याच सुमारास करमणुकीचे साधन बदलत होते. मुंबईचे दूरदर्शन केंद्र १९७२ साली सुरू झाले. तेव्हा चाळीत एखाद्याच घरी संच असे, आणि साऱ्या चाळीची मुले त्या घरात दाटीवाटीने बसत. १९९० नंतर खाजगी वाहिन्या आल्या. १९९९ साली 'अल्फा मराठी' आली, तीच आताची 'झी मराठी'. मराठी मालिका रोज रात्री दिसू लागली. मालिका म्हणजे कुटुंब, कुटुंब म्हणजे सासू आणि आजी. रंगभूमीवरच्या वयस्क बायांना नवे काम मिळाले. गाणे थांबले होते, नाटकाचे दौरे झेपत नव्हते, पण कॅमेऱ्यापुढे बसणे जमत होते. आशालताबाईही मालिकांत कामे करू लागल्या.

आणि मग २०२० साल आले. ते साल कोण विसरेल? मार्चमध्ये चित्रीकरणे थांबली. २५ मार्चपासून देशभर टाळेबंदी झाली. वाहिन्यांवर जुने भाग पुन्हा दिसू लागले. कलावंत घरी बसले. जे रोजावर होते, स्पॉटदादा, लाइटदादा, मेकअप करणारे, त्यांची चूल थंडावली. नव्वद दिवसांपूर्वीचे पैसे येत होते तोवर काहींचे भागले. नंतर तेही आटले.

मेच्या अखेरीस राज्य सरकारने चित्रीकरणाला परवानगी दिली. कागदावर अटी होत्या. माणसे थोडी ठेवा. ताप तपासा. हात धुवा. आणि आणखी एक अट होती: पासष्ट वर्षांवरील कोणालाही सेटवर घेऊ नये.

एकच ओळ. पण त्या ओळीने मालिकेतले सारे आजी-आजोबा घरी बसवले. लेखकांची पंचाईत झाली. कुणाची आजी गावाला गेली, कुणी फोनवर बोलू लागली. हे पाहणाऱ्याला गमतीचे वाटले असेल. ज्याचे काम गेले त्याला गंमत कशी वाटावी? सरकारचे म्हणणे असे की म्हाताऱ्या माणसांना या रोगाचा धोका जास्त, म्हणून त्यांच्याच भल्यासाठी ही अट. म्हणणे खोटे नव्हते. रोग खरोखरच वयस्कांना जास्त मारीत होता.

पण प्रमोद पांडे नावाचे एक नट होते. वय ७०. लहानसहान कामे करून पोट भरणारे. दुसरी मिळकत नाही. ते मुंबई उच्च न्यायालयात गेले. त्यांचे म्हणणे साधे होते. पासष्ट वर्षांच्या दुकानदाराला दुकान उघडायला बंदी नाही. लग्नाला पन्नास माणसे चालतात, तिथे कोणी वय विचारीत नाही. मग आम्हांलाच कामाची बंदी का? धडधाकट माणसाने काम न करता मानाने जगावे कसे? ७ ऑगस्ट २०२० रोजी न्यायालयाने ही अट रद्द केली. एकाच धंद्यातल्या वयस्कांवर बंदी घालायला सबळ आधार दिसत नाही, ही भेदभावाची वागणूक आहे, असे न्यायालयाचे मत पडले. घटनेने प्रत्येक नागरिकाला आपला धंदा करण्याचा हक्क दिला आहे, आणि मानाने जगण्याचाही. त्याला धरूनच हा निकाल होता.

सत्तर वर्षांच्या एका साध्या नटाने ही अट काढून टाकायला लावली. ज्येष्ठ कलावंत पुन्हा सेटवर आले.

त्या पावसाळ्यात मुंबईत रोगाचा जोर होता. म्हणून काही मालिका मुंबईबाहेर गेल्या. मोकळी हवा, कमी गर्दी, सारी माणसे एकाच ठिकाणी राहायची. 'आई माझी काळूबाई' ही नवी मालिका सातारा जिल्ह्यात चित्रित होत होती. काळूबाईचे देऊळ त्याच जिल्ह्यात, मांढरदेवीच्या डोंगरावर. आशालताबाई या मालिकेत होत्या. वय ७९. मालिका सप्टेंबरच्या मध्यावर दिसू लागली. काही दिवसांतच सेटवरच्या वीसहून अधिक माणसांना रोगाची लागण झाली. त्यांत आशालताबाई होत्या. त्यांना साताऱ्याच्या रुग्णालयात ठेवले. श्वासाचा त्रास वाढत गेला. मालिकेच्या अलका कुबल या लेकीसारख्या त्यांच्यासाठी तिथे थांबल्या. २२ सप्टेंबर २०२० रोजी आशालताबाई गेल्या. अंत्यविधी साताऱ्यातच झाला.

निकाल ७ ऑगस्टचा, मृत्यू २२ सप्टेंबरचा. मध्ये सहा-सात आठवडे.

मग लोक बोलू लागले. पाहा, सरकारची अट बरोबर होती. घरी बसल्या असत्या तर वाचल्या असत्या. हे बोलणे आपणही त्या वेळी ऐकले असेल. ते खोडून काढणे सोपे नाही, आणि आम्ही घाईने खोडणारही नाही. कॅमेऱ्यापुढे तोंडाला पट्टी बांधता येत नाही. दिवे लागले की बाकी सगळ्यांच्या तोंडावर पट्टी असते, फक्त कलावंताचे तोंड उघडे. म्हणजे सेटवर सर्वांत जास्त धोका कोणाला, तर कलावंताला. त्यातही वयस्क कलावंताला. हे कागदावर लिहिणाऱ्याला कळले होते.

तरीही निकाल चुकला असे आम्हांला वाटत नाही. सेटवर लागण झाली ती वीसहून अधिक माणसांना, आणि ती सारी म्हातारी नव्हती. अट वयाची नको होती, काळजीची हवी होती. आणि दुसरे असे की 'घरी बसा' म्हणणाऱ्याने घरी बसलेल्याच्या ताटात काय पडणार तेही सांगायला हवे. अटीच्या कागदावर बंदी होती. बंदीच्या बदल्यात महिन्याला अमुक रुपये मिळतील, अशी ओळ त्यावर नव्हती. पासष्ट वर्षांवरील कलावंताला घरी राहून पोटापुरते मिळाले असते, तर ज्याला भीती वाटते तो आनंदाने घरी राहिला असता, आणि ज्याची हौस काम करण्याची तो विचार करून गेला असता. तशी निवड करायला मिळणे वेगळे. उपाशी राहायचे की धोका पत्करायचा, याला निवड म्हणत नाहीत. आशालताबाई पैशासाठी गेल्या की कामाच्या ओढीने, ते त्यांनाच ठाऊक. पंचावन्न-साठ वर्षे रंग लावलेल्या बाईला घरी बसणे शिक्षेसारखे वाटले असेल, तर त्यातही नवल नाही.

आता हा प्रश्न तुमच्या दाराशी आणतो. त्याच २०२० साली मुलुंड, घाटकोपर, बोरिवलीच्या कितीतरी सोसायट्यांनी घरकाम करणाऱ्या बायांना फाटकातून आत घेतले नाही. साठी उलटलेल्या बाईला तर टाळेबंदी सैल झाल्यावरही सांगितले, "मावशी, तुम्ही आता राहू द्या, तुमच्या तब्येतीसाठीच सांगतो." काही घरांनी महिन्याचा पगार घरपोच दिला. काहींनी नाही. ज्यांनी दिला नाही त्यांनी काळजी केली की काम काढून घेतले? आणि ज्यांनी बोलावले, त्या घरी जाऊन एखादी बाई आजारी पडली असेल, तर दोष कोणाचा? वर्गात यावर बोला. एकमत होईलच असे नाही. आमचेही कार्यालयात झाले नाही.

बोलताना एक गोष्ट करून पाहा. तुम्ही जिथे काम करता तिथला एखादा कागद असेल, पगाराचा, नियमांचा, सोसायटीच्या फाटकावर चिकटवलेला, तर त्यातल्या ओळी उतरवून आणा. वयाचा, सुट्टीचा, आजारपणाचा शब्द कुठे आहे तो शोधा. प्रमोद पांडे यांनाही आधी ती ओळ वाचावी लागली, मग ते न्यायालयात गेले.

आशालताबाईंची 'मत्स्यगंधा'तली पदे ध्वनिमुद्रित आहेत. ती मोबाइलवरही मिळतात. ऐकून पाहा. तो आवाज आजीचा नाही, तेविशीतल्या मुलीचा आहे. त्यांचे पुस्तक ग्रंथालयात मागून पाहा. जोडाक्षरे आली म्हणून भिऊ नका. नावातला पहिलाच शब्द 'गर्द'. त्यात द वर रफार आहे. मागच्या धड्यात शिकलो तसे, र आधी म्हणायचा, द नंतर.